पंच जेवला असेल का?

वॉटफर्ड,
शुक्रवार संध्याकाळ

प्रिय आई,

तुझा शॉर्टब्रेड बिस्किटांचा डबा दाराजवळच्या पिशवीत आहे. तोच, झाकणावर किल्ल्याचं चित्र असलेला. त्याच्या खाली तुझी राखाडी कार्डिगन आहे, वर बाबांचे न वापरलेले शर्ट. उद्या सकाळी बाबा ती पिशवी हॉस्पिसच्या जुन्या वस्तूंच्या चॅरिटी शॉपमध्ये नेऊन देणार आहेत.

म्हणून आज लिहायला बसले. खरं तर तू गेलीस तेव्हाच लिहायला हवं होतं, नाही का? पण तेव्हा दुःख होतं, आणि दुःखात मी फार व्यवस्थित वागते. फोन करते, फॉर्म भरते, डाळतांदूळ आणून ठेवते. आज जे आहे ते दुःख नाही. आज मला लाज वाटते आहे, आणि ती सांगावी असं तुझ्याशिवाय माणूस नाही.

मघाशी बाबा अंघोळीला गेल्यावर मी हळूच डब्याचं झाकण उघडून पाहिलं. बेसबॉलची कार्डं सगळी जागेवर आहेत. सगळ्यात वर तो एकहाती, त्याच्या मागे तीन बोटांचा, मग चोर. त्यांची खरी नावं कार्डावर छापलेली आहेत, पण मला ती लक्षात ठेवावीशी कधी वाटलीच नाहीत. तू ठेवलेली नावं पुरेशी होती.

तुला आठवतं का, ही माणसं आपल्या घरात आली कशी? मी प्रायमरीत होते. तू लंडनमध्ये त्या अमेरिकन कुटुंबाकडे कामाला लागलीस. मला शाळेत सोडायचीस आणि मेट्रोपॉलिटन लाइनची गाडी पकडायचीस. काम काय, तर घरातल्या म्हाताऱ्या आजोबांना सोबत करायची आणि दुपारी जेवण द्यायचं. स्ट्रोकनं त्यांची वाचा गेलेली. तुला इंग्रजी येत नव्हतं. त्यांची मुलगी ऑफिसला जाताना जुने बेसबॉलचे सामने लावून द्यायची, आणि तुम्ही दोघं सोफ्याच्या दोन टोकांना बसून ते बघायचा.

"पहिले काही दिवस कळेचना, ही माणसं पळतात कशाला," तू सांगायचीस. "मग माझं लक्ष त्या पंचाकडं गेलं. तो बाबा सगळं हातानं सांगतो."

अंगठा वर केला की बाद. दोन्ही हात आडवे पसरले की नाबाद. झालं! तुम्हा दोघांना भाषा मिळाली. सूप आवडलं की आजोबा हात पसरायचे, मीठ जास्त पडलं की अंगठा दाखवायचे. तू घरी येऊन त्यांची नक्कल करायचीस आणि बाबा हसून हसून चहा सांडायचे.

दर शुक्रवारी आजोबा तुला त्यांच्या संग्रहातलं एक कार्ड द्यायचे. पुढे खेळाडूचा फोटो, मागे बारीक अक्षरात त्याची हकीकत. ती वाचायचं काम बाबांचं. दहावीनंतर शाळा सुटलेला माणूस, कौन्सिलची मिनीबस चालवून आलेला, माझी शाळेची डिक्शनरी मांडीवर घेऊन बसायचा. चोराचं कार्ड आलं तेव्हा काय झालं होतं! बाबांनी गंभीरपणे वाचलं, की या गृहस्थानं सगळ्यांत जास्त चोऱ्या केल्या. तू म्हणालीस, "आणि असल्याचा फोटो छापतात होय?" पुढच्या आठवड्यात आजोबांनी टेबलावर दोन बोटं पळवून दाखवलं, की चेंडू टाकणाऱ्याचं लक्ष नसताना पुढच्या टप्प्यावर पळून जायचं, त्याला तिकडे चोरी म्हणतात. तरी तू त्याचं नाव बदललं नाहीस. चोर तो चोरच राहिला.

बाबा वाचायचे आणि तू त्याची गोष्ट करायचीस. तीन बोटांच्या माणसाचा हात लहानपणी शेतावरच्या यंत्रात गेला, आणि त्याच मोडक्या हातातून निघालेला चेंडू असा काही वळायचा, की धडधाकट माणसांना तो कळेना. कार्डावर एवढंच. तू विचारायचीस, "त्या दिवशी त्याची आई कुठं होती?" जन्मतः उजवा पंजा नसलेला तो एकहाती डाव्या हातानं चेंडू टाकायचा, आणि डोळ्याचं पातं लवायच्या आत त्याच हातात ग्लोव्ह चढवून झेल घ्यायला तयार व्हायचा. एका सामन्यात तर त्याचा चेंडू समोरच्या कुणालाही धडपणे मारता आला नाही. कार्डावर त्याचे आकडे होते. तू विचारायचीस, "बुटाची नाडी कोण बांधत असेल रे याच्या?"

मी दहावीच्या, जीसीएसईच्या मॉक परीक्षेत आपटले तेव्हा माझे मित्रमैत्रिणी घरी काय काय ऐकत होते. तू मला म्हणालीस, "तिकडं दहातल्या सात वेळा चुकणाऱ्याचे पुतळे उभे करतात. तू कितीदा चुकलीस?" आई, इतकं सोपं तू कसं बोलायचीस गं?

आणि तो बहिरा. तुझा सगळ्यात लाडका. फार जुन्या काळातला खेळाडू, त्याला पंचाचं ओरडणं ऐकू यायचं नाही. म्हणून पंच त्याच्यासाठी हातानं खुणा करू लागले, आणि मग सगळ्यांसाठीच. असं कार्डावर होतं. ते ऐकल्यावर तू बाबांच्या हातातून कार्ड घेऊन पाहिलंस. मग म्हणालीस, "बघा, म्हणजे एका माणसासाठी केलेली सोय आमच्यापर्यंत पोचली."

आता मी काय केलं ते ऐक.

हॉस्पिसच्या निधीसाठी मागच्या शनिवारी शेजारच्या चर्चच्या हॉलमध्ये क्विझ होती. दरवर्षी असते. तू तिथे शेवटचे दिवस काढलेस, म्हणून या वर्षी मीच पुढे होऊन विचारलं, की एक फेरी आईच्या नावानं घेऊ का? बेसबॉलची, खरं की खोटं. मी एकेक विधान वाचणार, प्रत्येक टेबल म्हणजे एक संघ, त्यानं उत्तर लिहायचं. सगळ्यांना कल्पना आवडली. बाबांना तर इतकी, की त्यांनी माझ्या ग्रॅज्युएशनला घेतलेला कोट बाहेर काढला.

तुला माझं माहीतच आहे. आपल्या घरातली पहिली ग्रॅज्युएट, त्यातून इतिहासाची. आता म्युझियममध्ये दिवसभर जुन्या वस्तूंवर पुराव्यांची लेबलं लावते. मला वाटलं, आईच्या नावानं जे वाचायचं ते तपासलेलं असायला हवं. म्हणून प्रत्येक कार्ड पडताळून पाहिलं. एकहाती खरा निघाला. तीन बोटांचा खरा निघाला. बहिऱ्यापाशी अडले. तो माणूस खरा, त्याचा खेळ खरा, पण पंचांच्या खुणा त्याच्यामुळेच आल्या का, यावर जाणकारांचं एकमत नाही. पुरावा कच्चा आहे.

विधान गाळता आलं असतं की नाही? किती सोपं होतं! पण मला ते फार चलाख वाटलं. सगळे फसतील असा प्रश्न. मी तो शेवटी ठेवला आणि उत्तर लिहिलं, 'खोटं'.

बाबा मॉरीनच्या टेबलावर बसले होते. मॉरीन तुला आठवत असेल, तुझ्या खोलीत येऊन विणत बसायची ती व्हॉलंटियर. माझ्या म्युझियममधली मंडळी दुसऱ्या टेबलावर होती, मीच बोलावलेली. आपल्या फेरीपर्यंत दोन्ही टेबलं बरोबरीत. शेवटचं विधान मी वाचलं तेव्हा मी बाबांकडे पाहिलं होतं, आई. त्यांचा चेहरा उजळला होता. मॉरीनकडून कागद ओढून घेऊन त्यांनी स्वतः उत्तर लिहिलं. मला तेव्हाच कळलं त्यांनी काय लिहिलं असणार.

आणि तरी मी माइकवर सांगितलं, की हे खोटं आहे. ही नुसती दंतकथा, भलेभले फसतात. म्युझियमचं टेबल टाळ्या वाजवत होतं. मला त्या टाळ्या आवडल्या. त्या भरात मी आणखी एक वाक्य बोलले.

"मम हॅड दॅट वन राँग, ब्लेस हर."

हॉल हसला. प्रेमानंच हसला, तसे लोक वाईट नव्हते. बाबासुद्धा हसले. मग त्यांनी तो उत्तरांचा कागद उचलला, चार घड्या घातल्या आणि कोटाच्या खिशात ठेवला. एका गुणानं त्यांचं टेबल हरलं.

एका गुणाचं मला काही वाटत नाही, आई. पण तुझ्या नावानं ठेवलेल्या फेरीत, तुझ्या नवऱ्यासमोर, मी तुला बाद दिलं. का? कारण समोर माझे शिकलेले सहकारी बसले होते, आणि मला त्यांना दाखवायचं होतं की मी घरात ऐकलेल्या गोष्टींवर विश्वास ठेवणारी मुलगी नाही. हे मला त्या क्षणी माहीत नव्हतं असं मी स्वतःला आठवडाभर सांगते आहे. ते खोटं आहे. त्याचा पुरावा पक्का आहे.

नंतर हॉलच्या किचनमध्ये मॉरीन कप धूत होती. मी पुसायला उभी राहिले. तिनं मला बोल लावला नाही. एवढंच सांगितलं, की तिनं बाबांना दोनदा विचारलं होतं, नक्की ना? तिला स्वतःला 'खोटं' वाटत होतं. पण बाबा म्हणाले, माय वाइफ टोल्ड मी. मग पुढे कोण काय बोलणार? तिनं कप माझ्या हातात दिला आणि म्हणाली, "ही वॉज सो शुअर, लव."

घरी येताना गाडीत मी माफी मागितली. तुला वाटेल बाबा रागावले असतील. रागावले असते तर किती बरं झालं असतं!

"सॉरी कशाला?" ते म्हणाले. "तू बरोबरच आहेस. तू शिकलेली आहेस. मी आपला डिक्शनरीत बघून सांगायचो, त्यात काय खरं, काय खोटं. तुझ्या आईला मीच चुकीचं वाचून दाखवलं असणार."

मी म्हणाले, बाबा, कार्डावर तसंच छापलंय, तुमचं वाचणं चुकलं नाही. ते म्हणाले, बरं. आणि इंडिकेटर दिला.

तू गेल्यापासून रोज चहाच्या वेळी बाबा डब्यातलं एक कार्ड काढायचे आणि विचारायचे, "याचं काय सांगायची गं ती?" मी तुझी गोष्ट सांगायचे. दिवसभरात तेवढंच ते मोकळं बोलायचे. शनिवारपासून डबा उघडला नाही. चहा होतो, कप विसळले जातात, बातम्या लागतात. काल ते कपाट आवरायला लागले आणि डबा पिशवीत ठेवला. मी विचारलं, हा कशाला? तर म्हणाले, "असू दे. कुणाला तरी खेळायला होईल. आपण काय करायचंय खोट्या गोष्टींचं?"

अगदी साध्या आवाजात. भाजीत मीठ घालू का विचारावं तसं.

डबा उचलून घेतला तर ते घेऊ देतील. नाही म्हणणार नाहीत. पण मग तो डबा माझा होईल, आणि बाबा रोज माझ्या डब्यासमोर गप्प बसतील. ते मला नको आहे. मला त्यांचं बोलणं परत हवं आहे.

शनिवारपासून मी ताट वर खोलीत घेऊन जेवते. जेवते म्हणजे उष्टं करते. बाबा खाली एकटे. खरं सांगू का, त्यांच्यासमोर घास गिळवत नाही.

आणि आज ताट घेऊन जिना चढताना मला तो पंच आठवला.

तुला तो आठवडा आठवत असेलच. त्याचं कार्ड नव्हतं, तो सामना तेव्हाच झाला होता आणि आजोबा तेवढाच भाग पुन्हा पुन्हा लावायचे. एका पोरानं सगळा सामना असा टाकला होता, की समोरच्या संघातला एकही माणूस पहिल्या टप्प्यावर सुद्धा पोचला नव्हता. फार थोड्यांना जमलेली गोष्ट. शेवटचा एक माणूस बाद व्हायचा राहिला. तो झालाही. आणि पंचानं हात पसरले. नाबाद! सगळ्या जगाला टीव्हीवर दिसत होतं की तो बाद आहे. पण त्या पोरानं भांडण केलं नाही. नुसता हसला आणि पुढचा चेंडू टाकायला गेला. सामना संपल्यावर पंचानं स्वतः चित्रीकरण पाहिलं, आपली चूक त्याला दिसली, आणि त्या पोरासमोर जाऊन तो रडला.

मी आणि बाबा त्या खेळाडूबद्दल हळहळत होतो. तू चपाती लाटता लाटता विचारलंस, "त्या पंचाच्या घरी त्या दिवशी जेवण झालं असेल का?"

आई, मी तेव्हा हसले होते.

पण गोष्ट तिथे संपायची नाही. तू पुढे सांगायचीस, की दुसऱ्या दिवशी तो पोरगा आपणहून पंचाकडे गेला, पेढ्यांचा बॉक्स घेऊन. दरवेळी पेढे! आणि दरवेळी बाबा पेपर बाजूला ठेवून म्हणायचे, "पेढे नव्हते गं. कागद होता. खेळाडूंच्या नावांचा कागद सामन्याआधी पंचाला द्यायचा असतो, तो मुद्दाम त्याच्या हातून पाठवला. पेपरात आलं होतं. किती वेळा सांगायचं?" मग तू म्हणायचीस, "अहो, कागद देऊन कुणाचं तोंड गोड होतं का?" आणि बाबांचा चेहरा! आपण काही जिंकलो असा.

माझा डिग्रीचा रिझल्ट लागला तेव्हाही तेच. तू ईलिंग रोडवरच्या आपल्या मिठाईवाल्याकडून पेढे आणून अख्ख्या गल्लीत वाटलेस, ज्यांना पेढा म्हणजे काय ठाऊक नाही त्यांनासुद्धा. बाबांनी डिग्रीच्या कागदाला फ्रेम करून आणली.

मी पंधरा-सोळा वर्षांची असताना तुझ्यावर वैतागले होते ते आत्ता लिहिताना आठवलं. किचनमध्ये. बाबा कामावर होते. मी म्हणाले, आई, तुला किती वेळा सांगितलंय की पेढे नव्हते, तरी तू दरवेळी तीच चूक का करतेस? तू कढईवरून नजर सुद्धा उचलली नाहीस.

"मला काय कळत नाही होय? तुझे बाबा दिवसभर सगळ्यांचं ऐकून घेतात. इकडून जा, तिकडून जा, लेट का झालास. घरी आल्यावर तरी कुणाची चूक काढायला मिळावी की माणसाला."

मी तेव्हा ऐकलं आणि विसरून गेले. हे तू मला नीट बसवून का नाही सांगितलंस गं? तू इतक्या गोष्टी सांगितल्यास, ही एकच भाजी परतता परतता सांगायची होती?

आपल्या घरात चूक काढणं हा बाबांचा मान होता. तू तो रोज त्यांना द्यायचीस, ताटात वाढल्यासारखा. मी तो भर हॉलमध्ये माइकवरून काढून घेतला. आणि वर माफी मागून त्यांच्याकडून वदवून घेतलं की मीच बरोबर आहे!

पुराव्याच्या हिशेबानं माझी शंका आजही बरोबर आहे. बहिऱ्याची गोष्ट सिद्ध झालेली नाही. पण त्या अमेरिकन घराच्या सोफ्यावर, न बोलता येणारे आजोबा आणि इंग्रजी न येणारी तू यांच्यामध्ये त्या खुणा कुणासाठी होत्या? हॉस्पिसमध्ये तुझा आवाज गेला तेव्हा बाबा दारातून आत आले की तू पांघरुणावर दोन्ही हात पसरायचीस, नाबाद, आणि भेटायला आलेल्यांचं बोलणं लांबलं की अंगठा दाखवायचीस. मॉरीनला सुद्धा तो अंगठा कळायचा. कुठल्या पुस्तकात हे तपासायचं होतं मी?

बाबा जिन्यात दिवा लावतायत. उद्या सकाळी ते पिशवी उचलायच्या आत मी ती गोष्ट सांगणार आहे. पंचाची. तुझ्यासारखी, पेढ्यांसकट. मला तुझ्यासारखी सांगता येणार नाही. ते ऐकतील की नाही तेही ठाऊक नाही. पण माफी मागून जे होत नाही ते कदाचित चुकून होईल.

शनिवार दुपार

आई, आता पुढचं.

मी खाली आले तेव्हा बाबा दाराशी स्टुलावर बसून बुटाच्या नाड्या बांधत होते. पिशवी शेजारी. अंगात तोच कोट. मला नाटकात उभं केल्यासारखं झालं. तरी मी सुरुवात केली, बाबा, त्या पंचाची गोष्ट आठवते का? त्यांनी मान हलवली, वर पाहिलं नाही. मी सगळी सांगितली. हात पसरले ते सांगितलं, तो पोरगा नुसता हसला ते सांगितलं, पंच रडला ते सांगितलं. मग मी म्हणाले, "आणि दुसऱ्या दिवशी तो पोरगा पंचाकडे गेला. पेढ्यांचा बॉक्स घेऊन."

मी थांबले. तू थांबायचीस तशी.

बाबांनी दुसऱ्या बुटाची नाडी बांधली. उठले. पिशवी घेतली. "दार लावून घे, थंडी येते," म्हणाले आणि गेले.

गेटचा आवाज ऐकला आणि मी जिन्याच्या पायरीवर बसले. मला स्वतःचीच चीड आली. केवढी हुशार समजत होते स्वतःला! क्विझमध्ये हुशारी केली, आता घरात करायला निघाले. तुझी तुझ्या नवऱ्याशी असलेली गंमत ती. माझ्या तोंडून ती खोटीच वाटणार. बाबांना कळलं असणार की पोरगी मुद्दाम चुकते आहे. आणि मुद्दाम दिलेला मान म्हणजे भीकच, नाही का?

किती वेळ बसले होते कोण जाणे. दाराचं कुलूप उघडलं. बाबा आत आले. हातात पिशवी होती, पण अर्धी रिकामी. शर्ट देऊन आले होते. तुझी कार्डिगन आणि डबा तसाच परत.

त्यांनी कोटाच्या खिशात हात घातला आणि तो चार घड्यांचा कागद बाहेर काढला. क्विझचा. माझा हात धरून तळव्यावर ठेवला.

"पेढे नव्हते," ते म्हणाले. "कागद होता."

मी कागदावर मूठ मिटली.

"आईनं तुला पण चुकीचंच शिकवलंय. किती वेळा सांगायचं?"

मग मी तुझं वाक्य म्हटलं, आई. कागद देऊन कुणाचं तोंड गोड होतं का? पुरतं म्हणता आलं नाही, पण बाबांना कळलं. त्यांनाही माहीत होतं मी मुद्दाम चुकले. मला वाटतं, तुझंही त्यांना पहिल्यापासून माहीत असणार. तू काय आणि ते काय, दोघांनी मला कधी पत्ता लागू दिला नाहीत!

कागद उघडून पाहिला. शेवटच्या ओळीवर बाबांचं मोठं, दाबून काढलेलं अक्षर आहे: ट्रू. पेन कागदाच्या पलीकडे उमटलंय. मी त्यावर काही लिहिलं नाही. फ्रेम आणायला जाणार आहे, माझ्या डिग्रीच्या शेजारी खिळा मोकळा आहे.

लाज गेली असं समजू नकोस. ती आहे. हॉलमधलं ते हसणं अजून कानात आहे आणि ते परत घेता येत नाही. तो पंचसुद्धा आयुष्यभर ते ओझं वागवत असेल. पण दुसऱ्या दिवशी तो पुन्हा मैदानात उभा राहिला आणि त्यानं तो कागद हातात घेतला. मलाही तेवढं जमायला हवं.

म्हणून तुला शब्द देते. पुढच्या वर्षी क्विझला तुझी फेरी होईल. विधानं मी वाचेन, तू सांगायचीस तशी, पेढे आणि आई आणि बुटाच्या नाड्यांसकट. माइकच्या दुसऱ्या बाजूला बाबा असतील, आणि चूक काढायची ती फक्त तेच काढतील. बहिऱ्याची गोष्ट मी पुन्हा सांगेन. त्याचं काय सिद्ध झालं, काय नाही, तेही सांगेन, कारण तूच मला खरं बोलायला शिकवलंस. पण त्याआधी सोफ्यावरच्या त्या दोघांची गोष्ट सांगेन. आणि मागच्या वर्षी या माइकवरून कोण चुकलं होतं, तेही त्याच माइकवर. म्युझियमच्या टेबलाला मुद्दाम बोलावेन. मॉरीनला आजच फोन करते.

चहाला बाबांनी चोराचं कार्ड काढून ठेवलंय. खालून हाक येते आहे, थांबते आता.

आणि हो आई, ताट आज वर आणलं नाही. तुझा पंच खाली बसून जेवला.

तुझीच,
तेजू